आपल्याच उत्तरपत्रिकेवर तांबडी शाई

गेल्या पावसाळ्याच्या सत्रांत आमच्या शाळेच्या संगणककक्षांत एक लहानसा प्रसंग घडला. वरवर पाहतां तो क्षुल्लक होता; परंतु त्यांतून जो प्रश्न निघाला तो आम्हांस इतका महत्त्वाचा वाटला कीं, ह्या वार्षिकांकांत त्याचा विचार आमच्या विद्यार्थ्यांपुढें व त्यांच्या पालकांपुढें मांडावा असें आम्हीं ठरविलें.

नववीच्या कांहीं मुलामुलींनीं विकिपीडिया ह्या इंटरनेटवरील ज्ञानकोशांत आपल्या शाळेची नोंद उघडून पाहिली. नोंद त्रोटक होती. शाळेच्या स्थापनेचें साल चुकलें होतें. शेजारच्या उपासनामंदिराच्या पायाभरणीचें साल शाळेच्या नांवावर घातलें गेलें होतें. शिवाय शेवटीं असें एक वाक्य होतें कीं, एका वर्षीं ह्या शाळेचा शालान्त परीक्षेचा निकाल निम्म्याहून खालीं गेला होता. आणि त्यास एका वर्तमानपत्राचा आधारही दिला होता. मुलांस राग आला. त्यांनीं तेथल्या तेथें साल बदललें, निकालाचें वाक्य पुसून टाकलें, आणि त्याच्या जागीं 'जिल्ह्यांतील सर्वोत्कृष्ट व शिस्तप्रिय शाळा' अशी ओळ घातली. दुसऱ्या दिवशीं पाहतात तों कोणा अनोळखी स्वयंसेवकानें सर्व कांहीं पूर्ववत् केलें होतें, साल देखील! कारण म्हणून त्यानें एकच शब्द लिहिला होता: 'आधार?'

मुलें तणतणत आमच्याकडे आलीं. "सर, आमच्या शाळेविषयीं आमच्यापेक्षां अधिक कोणाला ठाऊक? हा कोण आम्हांला शिकविणार?"

आम्हीं त्या दिवशीं त्यांस उत्तर दिलें नाहीं. खरें सांगावयाचें तर, तें निकालाचें वाक्य पुसलें गेलें होतें हें ऐकून आम्हांसही क्षणभर बरेंच वाटलें होतें. त्या वर्षीं दहावीस मराठी शिकविणारे आम्हीच होतों.

पुढें विचार करूं लागलों तेव्हां ध्यानांत आलें कीं, हाच प्रश्न जगांतील मोठमोठ्या कंपन्या गेलीं वीस वर्षें विचारीत आहेत. आमच्या कंपनीविषयीं आमच्यापेक्षां अधिक कोणास ठाऊक? मग आमची नोंद आम्हींच कां लिहूं नये? ह्या प्रश्नाचें उत्तर आमच्या मुलांस जितकें लागू आहे तितकेंच त्या कंपन्यांसही आहे.

प्रथम हा ज्ञानकोश कसा चालतो तें थोडक्यांत सांगितलें पाहिजे. आपल्याकडे डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकर यांनीं महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचे तेवीस खंड सिद्ध केले. पुढें तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादकत्वाखालीं वाई येथें मराठी विश्वकोशाचें काम झालें. त्या ग्रंथांत काय छापावें व काय गाळावें हें नेमलेले संपादक ठरवीत. विकिपीडियाची गोष्ट निराळी. १५ जानेवारी २००१ रोजीं इंग्रजीमध्यें तो सुरू झाला व २००३ सालीं त्याची मराठी आवृत्ति निघाली. तेथें लेखांवर बसविलेला पगारी संपादक नाहीं. वाचक तोच लेखक, आणि तोच तपासनीस. प्रत्येक नोंदीस दोन पानें जोडलेलीं असतात. 'इतिहास' ह्या पानावर कोणीं, केव्हां, कोणता फेरफार केला ह्याची नोंद राहते. 'चर्चा' ह्या पानावर वादाच्या गोष्टींचा खल होतो. आणि सर्वांवर एकच मोठा नियम: जें लिहावयाचें त्यास दुसऱ्या कोणा विश्वसनीय, प्रसिद्ध झालेल्या लेखनाचा आधार पाहिजे. 'मला ठाऊक आहे' हा आधार नव्हे.

आतां कंपन्यांस ह्या नोंदीची एवढी आंच कां? उघड आहे. कोणी माल घेण्यापूर्वीं, कोणी भाग विकत घेण्यापूर्वीं, कोणी नोकरीचा अर्ज करण्यापूर्वीं कंपनीचें नांव इंटरनेटवर शोधतो, आणि बहुधा ही नोंद त्याच्या दृष्टीस प्रथम पडते. कंपनीच्या स्वतःच्या जाहिरातीपेक्षां ह्या नोंदीवर त्याचा भरंवसा अधिक असतो. कारण ती कंपनीनें लिहिलेली नाहीं अशी त्याची समजूत असते. हाच भरंवसा कंपनीस हवा असतो. परंतु खरी मेख येथेंच आहे. ज्या कारणामुळें त्या नोंदीस मोल आलें, तेंच कारण कंपनीनें स्वतः लेखणी हातीं धरतांच नाहींसें होतें. मग उरते ती जाहिरातच, मात्र दुसऱ्याची सही असलेली. नाणें खोटें पाडणारा तरी दुसरें काय करतो?

असें कोणी करतें काय, असें आमचे वाचक विचारतील. करतात, आणि पुष्कळ वेळां केलें आहे. २००७ सालीं व्हर्जिल ग्रिफिथ नांवाच्या अमेरिकन तरुणानें 'विकिस्कॅनर' नांवाचें साधन तयार केलें. निनांवीपणें केलेला फेरफार कोणत्या संस्थेच्या संगणकजाळ्यावरून झाला हें त्यायोगें कळूं लागलें. तेव्हां असें उघडकीस आलें कीं, मतदानयंत्रें बनविणाऱ्या डीबोल्ड कंपनीच्या जाळ्यावरून २००५ सालीं त्या यंत्रांच्या सुरक्षिततेविषयींच्या शंकांचे परिच्छेदच्या परिच्छेद खोडण्यांत आले होते. २०१३ सालीं विकि-पीआर नांवाच्या एका कंपनीचें प्रकरण बाहेर आलें. पैसे घेऊन गिऱ्हाइकांच्या नोंदी लिहिण्याचा तिचा धंदा होता, आणि त्याच्याशीं संबंध असलेलीं अडीचशेंहून अधिक खातीं विकिपीडियानें बंद केलीं. २०१९ सालीं नॉर्थ फेस ह्या गिर्यारोहणाचे कपडे विकणाऱ्या कंपनीसाठीं एका जाहिरातसंस्थेनें प्रेक्षणीय स्थळांच्या नोंदींतील छायाचित्रें बदलून तेथें आपला माल दिसेल अशीं छायाचित्रें बसविलीं, आणि वर ह्या करामतीची बढाईही मारली. स्वयंसेवकांनीं तीं चित्रें काढून टाकलीं व कंपनीस क्षमा मागावी लागली.

सर्वांत दुःखद प्रकार २०१५ सालचा. 'ऑरेंजमूडी' ह्या नांवानें तो ओळखला जातो. कांहीं लबाड मंडळी लहान धंदेवाल्यांच्या व कलावंतांच्या नाकारल्या गेलेल्या नोंदी हेरीत, पैसे दिल्यास त्या प्रसिद्ध करून देऊं असें त्यांस कळवीत, आणि पुढें नोंदीच्या 'रक्षणा'साठीं दरमहा आणखी पैसे मागत. विकिपीडियानें एकंदर ३८१ खातीं बंद केलीं व दोनशेंवर लेख काढून टाकले. चोरवाटेनें जाणारा स्वतःच कसा लुबाडला जातो ह्याचें ह्याहून चांगलें उदाहरण आम्हांस ठाऊक नाहीं.

तर मग कंपनीनें तोंड मिटून बसावें काय? मुळींच नाहीं. आणि आमच्या लेखाचा मुख्य मुद्दा तो हाच. कंपनीसाठीं एक राजमार्ग मोकळा ठेवलेला आहे. कंपनीच्या प्रतिनिधीनें आपल्या नांवाचें खातें उघडावें. आपण कोणाचे नोकर, कोणासाठीं काम करतों, हें स्पष्ट लिहावें. जून २०१४ पासून, पैसे घेऊन लिहिणाऱ्या प्रत्येकानें आपला मालक, आपलें गिऱ्हाईक व आपला संबंध उघड केलाच पाहिजे असें विकिपीडियाच्या वापराच्या अटींतच घातलेलें आहे. त्यानंतर नोंदीस हात न लावतां चर्चापानावर विनंति लिहावी: अमुक वाक्य चुकीचें आहे, त्याऐवजीं अमुक शब्द असावेत, आणि त्यास अमुक आधार आहे. मग ज्याचा त्या कंपनीशीं लागाबांधा नाहीं असा स्वयंसेवक ती विनंति वाचतो, आधार तपासतो, आणि ती मान्य करतो, अंशतः मान्य करतो किंवा नाकारतो. विकिपीडियाचे एक संस्थापक जिमी वेल्स यांचें मत तर असें कीं, पगारी वकिलानें नोंदीस स्वतः कधींच हात लावूं नये. जें सांगावयाचें तें चर्चापानावर सांगावें.

आमच्या विद्यार्थ्यांस ही रीत परिचयाची वाटली पाहिजे. परीक्षेची उत्तरपत्रिका परत मिळाल्यावर एखाद्या प्रश्नाचे गुण मिळाले नाहींत असें वाटलें तर विद्यार्थी काय करतो? तो शिक्षकांकडे येतो आणि म्हणतो, "सर, हें उत्तर पाठ्यपुस्तकांत असेंच आहे, कृपा करून पुन्हां पाहा." तसें म्हणण्याचा त्याचा हक्क आहे, आणि त्याचें म्हणणें ऐकणें हें आमचें कर्तव्य आहे. परंतु तो जर आमच्या मेजावरील तांबडी शाई उचलून स्वतःच गुण वाढवूं लागला, तर त्याचें उत्तर बरोबर असलें तरी त्यानें गुन्हाच केला. उत्तर बरोबर कीं चूक हा एक प्रश्न; तांबडी शाई कोणाच्या हातीं हा दुसरा. आमच्या नववीच्या मुलांनीं साल बरोबरच लिहिलें होतें; तरीही तें पुसलें गेलें, त्याचें कारण हेंच. एकाच हातानें त्यांनीं खरें सालही लिहिलें व न रुचणारें वाक्यही खोडलें. मग त्या हाताचें खरें कोणतें व खोटें कोणतें हें परक्यानें कसें ओळखावें?

येथपर्यंत पुष्कळ लोक आमच्याशीं सहमत होतील. परंतु ह्या प्रश्नाची दुसरी बाजू बहुधा कोणी मांडीत नाहीं, ती मांडणें आम्हांस अवश्य वाटतें. नोंदींतील चूक ही कांहीं नेहमीं निरुपद्रवी नसते. २००५ सालीं अमेरिकेंतील वृत्तपत्रकार जॉन सीजेनथॅलर यांच्या नोंदींत कोणी थट्टेनें लिहिलें कीं, केनेडी बंधूंच्या खुनांत त्यांचा हात असल्याचा संशय होता. हें धादांत असत्य चार महिने तसेंच राहिलें. २०१२ सालीं कादंबरीकार फिलिप रॉथ यांनीं 'द ह्यूमन स्टेन' ह्या स्वतःच्याच कादंबरीच्या मुळाविषयींची चूक सुधारण्यास आपल्या प्रतिनिधीमार्फत सांगितलें, तेव्हां त्यांस उत्तर मिळालें कीं, लेखकाचा शब्द आम्हांस मान्य आहे, परंतु दुसरा आधारही हवा! शेवटीं त्यांनीं 'न्यूयॉर्कर' नियतकालिकांत उघड पत्र प्रसिद्ध केलें, आणि मग तें पत्रच आधार झालें. रॉथ यांस नियतकालिकाचीं पानें मोकळीं होतीं. एखाद्या लहान कारखानदारानें काय करावें?

आमचा एक माजी विद्यार्थी एका कंपनींत जनसंपर्काचें काम करतो. नाताळच्या सुटींत तो आम्हांस भेटावयास आला तेव्हां त्याचा चेहरा उतरलेला होता. त्याच्या कंपनीच्या नोंदींत कारखान्यांची संख्या जुनी होती, एका माजी संचालकाचें नांव चुकलें होतें, आणि कांहीं वर्षांपूर्वीं सांडपाण्याबद्दल कंपनीस झालेल्या दंडाचें एक वाक्य होतें. हें सर्व आठ दिवसांत 'नीट' करून घे, असें वरिष्ठांनीं त्यास फर्मावलें होतें. एक दलालही भेटला होता. पैसे दिल्यास रातोरात नोंद चकचकीत करून देतों, दंडाचें नांव राहणार नाहीं, असें तो म्हणे. प्रतिस्पर्धी कंपनीनें असेंच केलें असावें असा त्याच्या वरिष्ठांचा तर्क होता.

"मी काय करूं, सर?" त्यानें विचारलें.

आम्हीं म्हटलें, "तूं कोण आहेस तें आधीं लिही. मग विनंति कर. दंडाचें वाक्य पुसा असें मागूं नकोस. त्यांत कांहीं अपुरें असेल तर तें सांग."

त्यानें तसें केलें. अकरा आठवडे कोणींही उत्तर दिलें नाहीं. अशा विनंत्यांची रांग लांब असते आणि तपासणारे हात थोडे. दर सोमवारीं वरिष्ठ विचारीत, "काय झालें तुझ्या अर्जाचें?" एकदां त्यानें आम्हांस फोन करून सांगितलें, "सर, चोर मागच्या दारानें केव्हांच आंत जाऊन बसले, आणि माझा प्रामाणिकपणा अजून रांगेंत उभा आहे." हें वाक्य आम्ही विसरूं शकत नाहीं, कारण त्यास सल्ला आम्हीं दिला होता.

बाराव्या आठवड्यांत उत्तर आलें. संख्या व नांव दुरुस्त झालें. दंडाचें वाक्य राहिलें. परंतु अपिलांत तो दंड कमी झाल्याची बातमी एका वर्तमानपत्रांत छापून आली होती, ती त्यानें दाखविली होती. तीही नोंदींत घातली गेली. म्हणजे नोंद कंपनीच्या मनासारखी झाली नाहीं. पूर्वीपेक्षां खरी मात्र झाली. वरिष्ठ प्रसन्न झाले नाहींत. नोकरी राहिली.

ह्यावरून आमचें मत असें झालें आहे कीं, केवळ कंपन्यांस उपदेश करून भागणार नाहीं. जो उजळ माथ्यानें पुढच्या दारीं येऊन कडी वाजवितो त्यास दार उघडलें पाहिजे. स्वयंसेवक म्हणतात, 'कंपनीचा नोकर पगार घेतो. त्याचें काम आम्हीं फुकट कां करावें?' आक्षेप खोटा नाहीं. कित्येक प्रतिनिधि पानेंच्या पानें स्तुति लिहून आणतात व त्याच त्या मागण्या पुन्हां पुन्हां करून लोकांस बेजार करितात, हेंही आम्हांस ठाऊक आहे. अशांस थोडक्यांत 'नाहीं' म्हणावें. परंतु 'नाहीं' हेंही उत्तरच आहे. आणि ज्याची मागणी खरी, तिची दखल घेणें हें कंपनीचें काम नव्हे, वाचकाचें काम आहे. कारण चुकीच्या संख्येनें फसतो तो वाचक. प्रामाणिकास तीन महिने तिष्ठत ठेवावें आणि लबाडाचें काम एका क्षणांत व्हावें, अशी व्यवस्था कोणत्याही शाळेंत, कचेरींत किंवा ज्ञानकोशांत राहिली, तर ती लबाडीची शिकवणीच ठरेल.

पालकांसही आमची एक विनंति आहे. आपलीं मुलें उद्यां कोणत्या ना कोणत्या कंपनींत, पेढींत, संस्थेंत नोकरीस लागतील. 'आपलें नांव चांगलें दिसेल असें कर' ही आज्ञा त्यांस एके दिवशीं होणारच. ती आज्ञा देणारा मनुष्य दुष्ट असेल असें नाहीं. आपल्या घराचें नांव चांगलें दिसावें असें कोणास वाटत नाहीं? परंतु त्या वेळीं 'हें मी उघडपणें मागेन, लपून करणार नाहीं' एवढें म्हणण्याचें बळ मुलाच्या अंगीं असावें, तर त्याची संवय घरीं लागली पाहिजे. प्रगतिपुस्तकावरील एखादा शेरा आपणांस अन्यायाचा वाटला तर शाळेंत येऊन सांगा, मुलाच्या देखत सांगा, आम्ही ऐकूं. घरीं बसून तो शेरा खोडूं नका, व मुलास खोडूं देऊं नका.

आतां आमच्या नववीच्या वर्गाचें काय झालें तें सांगून पुरे करितों. आठ दिवसांनीं आम्हीं मुलांस पुन्हां बोलाविलें आणि शाळेच्या स्थापनेचें साल छापील कोठें आहे तें शोधण्यास सांगितलें. दोन मुली ग्रंथालयांतील जुन्या जिल्हा गॅझेटियरांत तें साल शोधून घेऊन आल्या. 'आम्ही ह्याच शाळेचे विद्यार्थी आहोंत' असें आरंभींच लिहून त्यांनीं चर्चापानावर विनंति केली. एकोणीस दिवसांनीं साल दुरुस्त झालें. 'सर्वोत्कृष्ट' ह्या विशेषणास मात्र गॅझेटियरांत किंवा अन्यत्र कोठेंही आधार सांपडला नाहीं, म्हणून तें मुलांनींच सोडून दिलें.

निकालाचें वाक्य राहिलें. त्यापुढील तीन वर्षांचे निकाल त्याच वर्तमानपत्रांत छापलेले होते. तेही द्यावे अशी विनंति मुलांनीं केली, ती मान्य झाली. परंतु मूळ वाक्य जेथें होतें तेथें आहे. तें खरें आहे, त्यास आधार आहे, आणि तें खोडण्याचा अधिकार मुलांस नाहीं, शाळेस नाहीं, व त्या वर्षीं दहावीस मराठी शिकविणाऱ्या आम्हांस तर मुळींच नाहीं. त्याच्या पुढें यंदांच्या निकालाची ओळ कशी पडेल, एवढें मात्र आमच्या हातीं आहे, आणि यंदां दहावींत बसलेल्या आमच्या विद्यार्थ्यांच्याही.